सतरा नंबरची फांदी

महिपती इंगोले निवृत्त झाले त्याच्या तिसऱ्या दिवशी त्यांनी आमच्या इमारतीच्या जिन्यातले सगळे दिवे काढले, पुसले आणि परत लावले. चौथ्या दिवशी पाण्याच्या पंपाचा आवाज खटकला म्हणून पंप उघडला. आठवडा संपायच्या आत सोसायटीच्या फळ्यावर सूचना लागली : ‘सामायिक वस्तूंना सभासदांनी परस्पर हात लावू नये. दुरुस्तीची हौस स्वतःच्या घरात भागवावी.’ नाव लिहिलं नव्हतं. लिहायची गरजही नव्हती.

बिबवेवाडीत मी त्यांच्या वरच्या मजल्यावर राहतो, त्यामुळे पुढचं बरंचसं मी त्यांच्याच तोंडून ऐकलं आहे आणि काही डोळ्यांनी पाहिलं आहे.

इंगोले मूळचे वाशीमकडचे. तेविसाव्या वर्षी पुण्यात आले, विजेच्या कंपनीत लाइनमन म्हणून लागले आणि चौतीस वर्षं खांबांवर चढले. उंचीवर ते शांत असत म्हणे. जमिनीवर मात्र त्यांना कधीच चैन पडलं नाही. जेवताना दोनदा उठणार, टीव्हीपुढे बसले तरी एक पाय चप्पल शोधत राहणार. त्यांच्या पत्नी कौशल्याबाई शांत स्वभावाच्या. भाजी कोपऱ्यावर मिळत असताना त्या नवऱ्याला मुद्दाम मंडईत पाठवत, तेही चालत. तेवढाच दीड तास घर स्वस्थ राहतं, असं त्यांचं म्हणणं.

मंडईनं भागेना, तेव्हा इंगोले उलट्या दिशेला, कोंढव्याच्या पुढे पिसोळीकडे चालायला लागले. जुलैतल्या एका सकाळी तिथे, प्लॉट पाडलेल्या माळाच्या कडेला, त्यांना एक जुनी विहीर दिसली. विहिरीवर एक बाभूळ वाकलेली होती आणि तिला सुगरणीची वीस-पंचवीस घरटी लटकत होती. बांधापाशी छत्री रोवून, स्टुलावर बसून, एक मुलगी दुर्बिणीतून वर बघत होती. इंगोल्यांनी विचारलं, कोणाच्या परवानगीनं बसलात? तिनं मान न वळवता बोट ओठांवर ठेवलं.

“जरा थांबा. माद्या आल्यात.”

चार-पाच मळकट रंगाच्या, चिमणीसारख्या दिसणाऱ्या माद्या तारेच्या कुंपणावर येऊन बसल्या होत्या, आणि बाभळीला एकदम वारं सुटल्यासारखं झालं. पिवळ्या डोक्याचे सगळे नर आपापल्या अर्धवट घरट्यांना खालून लटकले आणि पंख फडफडवायला लागले. एकानं सुरू केलं की शेजाऱ्याला राहवत नव्हतं. सगळं झाड चिरचिरत होतं. माद्या मात्र निवांत. एक या घरट्यात डोकं घाली, चोचीनं एखादं पातं ओढून बघे, आत क्षणभर बसे आणि निघून जाई. ती निघाली की त्या घरट्याचा नर थांबे आणि शेजारचा दुप्पट जोरानं सुरू होई. पाच-सात मिनिटांत माद्या उडून गेल्या. त्या सकाळी एकाही घरट्याला होकार मिळाला नाही.

इंगोल्यांनी आयुष्यभर ही घरटी पाहिली होती, पण हे कधी पाहिलं नव्हतं. त्यांनी विचारलं, ही बाई घरटं विणते, तर मग हे पुरुष कशाला नाचतात?

“विणतो तो नर,” मुलगी म्हणाली. “आपण सुगरण म्हणतो खरं, पण मादी फक्त बघायला येते. नर अर्ध्यापर्यंत विणतो आणि थांबतो. तिला पसंत पडलं तर तो खालची लांब नळी करून घर पुरं करतो. नाही पडलं तर सोडून देतो, नाहीतर फाडून टाकतो.”

“आणि एका घरट्याला किती दिवस लागतात?”

“पंधरा-अठरा. पाच-पाचशे खेपा होतात पात्यांच्या.”

दुसऱ्या दिवशी सकाळी सातला इंगोले परत हजर झाले.

मुलीचं नाव वल्लरी. संगमनेरची, पुण्यात पीएच.डी. करत होती. बरेच नर एका जागी जमून एकाच वेळी प्रदर्शन मांडतात आणि माद्या हिंडून निवड करतात, असं बऱ्याच प्राण्यांत चालतं. काळवीट करतात, काही पक्षी करतात, बेडूकही करतात. अशा गर्दीत मादी नक्की काय बघून ठरवते, हा वल्लरीचा प्रश्न होता. सुगरणीची मादी वीण बघते की जागा? आदल्या वर्षीच्या तिच्या नोंदी सांगत होत्या की जागा. फांदी उंच हवी, काटेरी हवी, पाण्यावर हवी आणि मुख्य म्हणजे जाड हवी, वाऱ्यानं फार हलणारी नको. वीण किती सफाईची आहे, याचा फरक पडताना दिसत नव्हता.

तिची अडचण अशी की घरट्यांना नंबर द्यायला वर पोचता येत नव्हतं. इंगोल्यांचे हात शिवशिवले. त्यांनी पत्र्याच्या लहान पट्ट्या कापल्या, विजेच्या खांबांवर असतात तसे आकडे रंगवले आणि लांब काठीच्या टोकाला हूक लावून विहिरीच्या कठड्यावरून एकेक पट्टी फांद्यांना अडकवली. एकाही नराला त्यांनी दहा मिनिटांपेक्षा जास्त वेळ बिचकवलं नाही. वल्लरीनं त्यांच्या हातात वही दिली. कोणत्या घरट्यावर मादी किती वेळा आली, आत किती वेळ बसली, काय झालं, हे लिहायचं. इंगोले रोज दोन तास स्टुलावर बसायला लागले. कौशल्याबाईंचा आधी विश्वास बसेना. त्या मला म्हणाल्या, “बसतात? नक्की आमचेच का?”

बसत होते, पण जीव स्वस्थ नव्हता. त्यांच्या मनात दोन गोष्टी घोळत होत्या.

एक म्हणजे सतरा नंबर. तो नर सगळ्यांच्या आधी कामाला लागायचा. त्याची वीण इतकी घट्ट की वल्लरीनं फोटोंवरून मापं घेऊन ती सर्वांत बारीक असल्याचं लिहून ठेवलं होतं. पण त्यानं जागा धरली होती एका बारीक फांदीच्या टोकाला. वारा आला की घरटं घड्याळाच्या लंबकासारखं हलायचं. माद्या येत, बसत, फांदी झोके घेई आणि त्या उडून जात. त्यानं एक घरटं फाडलं, त्याच जागी दुसरं विणलं. तेही फाडलं आणि तिसऱ्याला लागला. इंगोले घरी जेवताना त्याच्याबद्दल बोलत. कौशल्याबाई “तुमच्या सतरा नंबरचं जमलं का” असं विचारत, एखाद्या लग्नाळू पुतण्याची चौकशी करावी तसं.

दुसरी गोष्ट त्यांनी कोणालाच सांगितली नव्हती. पावसाळ्यात ओल्या घरट्यांमुळे दोन तारांत शॉर्ट होऊन लाइन जाते. त्यामुळे शहराबाहेरच्या भागात असताना, दर मोसमात, लाइन बंद करून तारांवरची घरटी काढणं हे त्यांचं काम होतं. काठीच्या आकड्यानं ओढायचं आणि खाली टाकायचं. हजार तरी काढली असतील. काहींमध्ये अंडी असायची. कामच ते. त्यांनी कधी मागं वळून पाहिलं नव्हतं. आता मात्र ते गॅलरीत येरझाऱ्या घालताना बोटांवर मोजत. एकाला अठरा दिवस. हजारांना किती?

ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात वल्लरीला डेंग्यू झाला. चार दिवस दवाखान्यात काढून ती संगमनेरला गेली. डॉक्टरांनी तीन आठवडे हलायचं नाही म्हणून सांगितलं. वही इंगोल्यांकडे आली. रोजचे आकडे त्यांनी फोनवर बोलून पाठवायचे, असं ठरलं.

ती गेल्यावर दुसऱ्याच दिवशी जोराचा वारा होता. सतरा नंबरवर एक मादी आली आणि चक्क तीन मिनिटं आत बसली. तिनं पाती ओढून पाहिली. नर खाली लटकून पंख हलवत होता. मग झुळूक आली, फांदी खाली गेली, वर आली आणि मादी उडाली. नर तसाच लटकून राहिला, पंख उघडे ठेवून.

इंगोले उठले. जवळच्या बांधकामावरून एक लांब बांबू मागून आणला. त्याचं एक टोक विहिरीच्या कठड्यात, दगडांच्या फटीत रोवलं आणि दुसरं फांदीखाली नेऊन सुतळीनं आवळलं. चौतीस वर्षांची सवय. टेकू असा बसला की वाऱ्यात फांदी हलेना. हे करताना बरोबर-चूक काही मनात आलं नाही, असं ते मला म्हणाले. हात थांबले तेव्हा काम झालेलं होतं.

चौथ्या दिवशी मादीनं सतरा नंबर पत्करला. इंगोल्यांनी ते डोळ्यांनी पाहिलं. नर नळी विणायला लागला, मादी चोचीतून मऊ काडीकचरा आत नेऊ लागली. इंगोले घरी आले ते मंडईतून पेढे घेऊन. आम्हाला वाटलं, नागपूरला दिलेल्या त्यांच्या मुलीकडे काही गोड बातमी आहे.

संध्याकाळी त्यांनी वल्लरीला फोनवर कळवलं, सतराला मादी लागली. बांबूचं सांगितलं नाही. उद्या सांगू, असं मनाशी म्हणाले. तिकडून लगेच तिचा लांबलचक निरोप आला. आवाज अशक्त, पण आनंद लपत नव्हता. इतक्या बारीक फांदीवरचं घरटं पत्करलं जाणं, हे तिच्या दोन वर्षांच्या नोंदींत पहिल्यांदाच घडलं होतं. म्हणजे वीण फारच चांगली असेल तर मादी जागेकडे काणाडोळा करते की काय? तिनं पीएच.डी.च्या मार्गदर्शक सरांनाही कळवलं होतं. सरांनी फोटो मागितला होता.

इंगोल्यांनी फोटो काढला. बांबू दिसणार नाही अशा बाजूनं काढला.

त्यानंतर त्यांना घरात क्षणभर बसवेना. चहा हातात घेऊन ते जिना उतरत आणि तसाच थंड चहा घेऊन परत येत. विहिरीवर सकाळी जात, दुपारी जात. टेकू काढावा तर आत अंडी. फांदी हलली तर मादी सोडून जाईल. ठेवावा तर रोज एक खोटा आकडा वहीत चढत होता. मी विचारलं, बरं नाही का? म्हणाले, पायात गोळे येतात.

मादी अंड्यांवर बसून आठेक दिवस झाले असतील. सकाळी इंगोले पोचले तेव्हा सगळं झाड ओरडत होतं. कठड्यावरून बांबूच्या अंगानं एक धामण वर गेलेली होती. तिचं अर्धं अंग सतरा नंबरच्या नळीत होतं. इंगोल्यांनी काठी आपटली, दगड मारले. ती सावकाश बाहेर आली, शेजारच्या फांदीवर सरकली आणि अठरा नंबरच्या घरट्यात शिरली. तिथे पिल्लं होती. मग तीच वाट धरून ती खाली उतरली आणि कठड्याच्या भेगेत गेली.

पाण्यावर झुकलेली ती बाभूळ, ते काटे, त्या लटकत्या फांद्या. धामणीला तिथे जायला एरवी रस्ता नव्हता. तो त्यांनी करून दिला होता.

त्यांनी बांबू सोडला. वही पिशवीत घातली. घरी न येता ते रिक्षानं शिवाजीनगरला गेले आणि संगमनेरच्या एसटीत बसले. कौशल्याबाईंना मंचरहून फोन केला, जेवायला थांबू नको म्हणून.

वल्लरी घराच्या ओट्यावर शाल घेऊन बसली होती, चेहरा उतरलेला. तिच्या आईनं खुर्ची पुढे केली. इंगोले बसले नाहीत. उभ्यानंच त्यांनी सगळं सांगितलं, बांबूपासून धामणीपर्यंत. सांगून झाल्यावर तिनं विचारलं,

“फोटोत टेकू कसा दिसला नाही?”

“मी मुद्दाम तसा काढला.”

तिनं अंगावरची शाल बाजूला सारली.

“टेकू लावलात तो एक वेडेपणा झाला, काका. समजू शकते मी. पण फोटो? मी सरांना सांगून बसले. पडल्यापडल्या दहा पानं लिहिली त्यावर.”

“काऊन केलं तसं, ते माझं मला नाही सांगता येत,” इंगोले म्हणाले. चौतीस वर्षांत मागे पडलेला वऱ्हाडी शब्द आपसूक तोंडात आला. मग त्यांनी तारांवरच्या घरट्यांचं सांगितलं. आकडा, लाइन बंद, हजार घरटी. “एकाचं तरी जमलेलं बघायचं होतं.”

“जमवणारे तुम्ही नव्हता ना पण. तिनं बरोबर पारख केली होती. फांदी हलत नाही, खाली पाणी आहे, हे तिनं बघितलं. फांदी जमिनीला जोडली आहे, हे तिला कुठून कळणार? तिच्या जातीनं असला बांबू कधी पाहिलाच नाही. तुम्ही तिला फसवलंत, काका.”

इंगोल्यांनी मान हलवली. वल्लरीच्या आईनं चहा आणला. तो त्यांनी उभ्यानंच प्यायला. निघताना वल्लरीनं वही मागून घेतली आणि सांगितलं, मी येईपर्यंत विहिरीकडे जाऊ नका.

ते दहा दिवस आमच्या इमारतीनं सोसले. त्यांनी स्वतःच्या घरातले सगळे स्विच बदलले, मग माझ्या घरातले बदलले. फिरायला ते पिसोळीकडे तोंडही करत नव्हते. एकदा मला जिन्यात गाठून विचारलं, त्या मादीनं परत कोणाला पत्करलं असेल का? मला काय माहीत असणार. मी म्हटलं, असेल. ते म्हणाले, मोसम संपत आलाय.

सप्टेंबरमध्ये वल्लरी परतली आणि तिनं त्यांना बोलावून घेतलं. विहिरीवर तिनं वही उघडून त्यांच्यापुढे ठेवली आणि पेन दिलं. सतरा आणि अठरा नंबरच्या, टेकू लावल्याच्या तारखेपासूनच्या सगळ्या नोंदींवर तिनं आधीच तिरकी रेघ मारली होती. ती का मारली, हे त्यांनी स्वतःच्या अक्षरात लिहायचं होतं. इंगोल्यांनी आयुष्यात बिघाडाच्या नोंदींपलीकडे काही लिहिलेलं नव्हतं. त्यांना अर्धा तास लागला. लिहिलं ते असं : ‘ता. ९ ऑगस्ट रोजी मी फांदी क्र. १७ ला बांबूचा टेकू दिला. कोणालाही विचारले नाही. ता. १३ रोजी मादीने घरटे स्वीकारले. ता. २४ रोजी टेकूवरून साप चढला. १७ मधील अंडी व १८ मधील पिल्ले गेली. फोटो मी फसवा काढला.’ खाली पूर्ण नाव आणि सही.

सतरा नंबरच्या नरानं दरम्यान ते रिकामं घरटं फाडून टाकलं होतं. तो आता झाडाच्या मधोमध, एका जाड फांदीवर विणत होता. तिथली जागा धरणारा नर आपलं काम संपवून निघून गेला होता. पाती वाळत चालली होती. त्याला लांबून आणावी लागत होती. सप्टेंबरअखेरपर्यंत इंगोले रोज ते घरटं बघत होते. चांगलं झालं होतं. पण माद्या यायच्या थांबल्या होत्या.

वल्लरीच्या सरांनी इंगोल्यांना भेटायला बोलावलं तेव्हा ते इस्त्रीचा शर्ट घालून, बोलणी खायच्या तयारीनं गेले. सर म्हणाले, एका घरट्यावरून काही सिद्ध होत नाही आणि तुम्ही केलंत ते चूकच. पण फांदी स्थिर केली तर मादी निर्णय बदलते का, हा प्रश्न बरा आहे. रीतसर परवानगी काढून, पुढच्या मोसमात, नीट करून बघू. जमिनीला काहीही टेकवायचं नाही. फांदी फांदीलाच बांधायची. आणि कोणती बांधायची ते चिठ्ठ्या टाकून ठरवायचं. हे शेवटचं वाक्य त्यांनी इंगोल्यांकडे बघून म्हटलं.

पुढच्या जूनमध्ये तशा चिठ्ठ्या पडल्या. इंगोल्यांनी चोवीसपैकी बारा फांद्या बारीक तारेनं वरच्या फांद्यांना ताणून बांधल्या. काही बांधलेल्या फांद्यांवर अगदी गबाळी घरटी होती. तिथेही माद्या आल्या. न बांधलेल्यांत एक नर होता, सुरेख विणणारा, आणि त्याची फांदी टोकाला हलत होती. इंगोले समोर स्टुलावर बसून लिहीत : ‘मादी आली. ४० सेकंद. गेली.’ परत आली, गेली. मी एकदा त्यांच्याबरोबर गेलो होतो तेव्हा बघितलं, ते डावा हात मांडीखाली दाबून बसले होते. सप्टेंबरात आकडे जुळवले तेव्हा बांधलेल्या फांद्यांवरची घरटी जास्त पत्करली गेली होती. किती जास्त, ते वल्लरी तिच्या प्रबंधात लिहीलच.

शेवटच्या दिवशी मीही बरोबर होतो. इंगोल्यांनी सगळ्या तारा उतरवल्या, गुंडाळल्या, मोजल्या. वल्लरी छत्री मिटत होती. त्यांनी विचारलं, आता पुढचं काम काय?

“आता जूनपर्यंत काही नाही, काका.”

“म्हणजे नऊ महिने? मग मी काय करू?”

“बसा थोडं,” वल्लरी म्हणाली.

ते खरंच कठड्यावर बसले. झाडावर एकही पक्षी नव्हता; रिकामी घरटी वाऱ्यानं एकाच दिशेला कलत होती. मी घड्याळ पाहिलं. सहा मिनिटांनी ते उठले आणि सासवडच्या बाजूला माळावर हिवाळ्यात कुठले पक्षी उतरतात, ते तिला विचारायला लागले.